विषाणुरोधक आज्ञावली आणि संगणकावरील खेळ

1. एक यंत्र, अनेक कामे

बंगळूर शहराच्या पूर्वेस महादेवपुरा हा विस्तीर्ण भाग पसरला आहे. एकेकाळी येथे स्वतंत्र नगरपालिका होती. 2007 मध्ये ती बंगळूरच्या महानगरपालिकेत विलीन झाली. व्हाइटफील्ड, हूडी, काडुगोडी ही पूर्वीची गावे व वसाहती आज याच परिसरात मोडतात. 1990 च्या दशकात व्हाइटफील्डजवळ इंटरनॅशनल टेक पार्क उभे राहिले आणि त्यापाठोपाठ संगणकक्षेत्रातील असंख्य कार्यालये येथे आली. या कार्यालयांत काम करणाऱ्यांची वस्ती आसपासच्या निवाससंकुलांत आहे व त्यांत महाराष्ट्रातून नोकरीनिमित्त आलेली कुटुंबेही आहेत.

अशा घरांतील संगणक सहसा एकाच कामासाठी राखून ठेवलेला नसतो. दिवसा त्यावर हिशेब होतात, वीजबिल भरले जाते, बँकेचे व्यवहार होतात. सायंकाळी मुले त्याच यंत्रावर अभ्यास करतात आणि रात्री त्यावरच खेळ रंगतो. याच संगणकात सर्व कुटुंबाची कागदपत्रे, छायाचित्रे आणि परवलीचे शब्द साठवलेले असतात. म्हणून त्यावर विषाणुरोधक आज्ञावली, म्हणजेच सर्वांच्या परिचयाचा अँटिव्हायरस, बसवलेला असतो. परंतु पुष्कळदा हा रक्षकच खेळात विघ्न आणतो. खेळ सुरू होत नाही, मध्येच अडखळतो, किंवा त्याची एखादी फाईल अकस्मात नाहीशी होते. अशा वेळी वैतागलेला खेळाडू सर्वांत सोपा मार्ग पत्करतो: तो अँटिव्हायरस बंद करून टाकतो.

हा मार्ग सोपा असला तरी योग्य नाही, आणि तो आवश्यकही नाही. खेळाला वाट करून देण्यासाठी सगळा पहारा उठवावा लागत नाही. नेमका अडथळा कोठे आहे हे ओळखून तेवढ्याच जागी आणि तेवढ्याच मर्यादेत सवलत द्यावी लागते. ती कशी द्यावी व देण्यापूर्वी काय तपासावे, याचा विचार या प्रकरणात करावयाचा आहे.

2. खेळ आणि विषाणू यांचे जुने नाते

संगणकावरील विषाणूंचा इतिहास आणि खेळांचा इतिहास प्रारंभापासूनच एकमेकांत गुंतलेले आहेत. 1982 मध्ये अमेरिकेतील रिच स्क्रेंटा या पंधरा वर्षांच्या विद्यार्थ्याने ॲपल-2 या संगणकासाठी ‘एल्क क्लोनर’ नावाची आज्ञावली लिहिली. त्या काळी मित्रमंडळींत खेळांच्या चकत्यांची, म्हणजे फ्लॉपींची, देवघेव होत असे. याच चकत्यांवरून ही आज्ञावली एका यंत्रातून दुसऱ्या यंत्रात जाई आणि ठराविक वेळा वापर झाल्यावर पडद्यावर एक विनोदी पद्य दाखवी. हेतू थट्टेचा होता. परंतु खेळाच्या ओढीने माणूस अनोळखी वस्तू आपल्या यंत्रात सहज घेतो, हे या थट्टेने दाखवून दिले.

1986 मध्ये लाहोरच्या दोन बंधूंनी लिहिलेला ‘ब्रेन’ हा विषाणू फ्लॉपींवरूनच जगभर पोहोचला. 6 मार्च 1992 या दिवशी जागृत होणाऱ्या ‘मायकेलअँजेलो’ने तर वृत्तपत्रांचे रकाने व्यापले. भारतात या विषाणूंशी झालेल्या झुंजीची एक महत्त्वाची शाखा पुण्यात उगम पावली. मूळचे सातारा जिल्ह्यातील रहिमतपूरचे कैलास काटकर यांचा पुण्यात गणकयंत्रे व संगणक दुरुस्तीचा व्यवसाय होता. दुरुस्तीस येणाऱ्या यंत्रांपैकी अनेकांचे दुखणे यंत्रभागांत नसून विषाणूंत असे. त्यांचे धाकटे बंधू संजय काटकर यांनी संगणकशास्त्राचे शिक्षण घेत असताना असे विषाणू काढून टाकणाऱ्या आज्ञावली लिहिल्या. या उद्योगाची 1995 मध्ये कंपनी म्हणून नोंदणी झाली, 2007 मध्ये तिचे नाव ‘क्विक हील टेक्नॉलॉजीज’ असे झाले आणि 2016 मध्ये तिचे भाग शेअर बाजारात आले.

दुसऱ्या बाजूस खेळांच्या निर्मितीत बंगळूरचा वाटा मोठा आहे. 1997 मध्ये राजेश राव यांनी येथे ‘ध्रुव इंटरॅक्टिव्ह’ ही खेळनिर्मिती करणारी संस्था स्थापन केली. भारतातील या क्षेत्राच्या आद्य संस्थांत तिची गणना होते. 2019 मध्ये ‘रॉकस्टार गेम्स’ या जगप्रसिद्ध कंपनीने ती विकत घेतली. खेळ आणि रक्षक हे दोन्ही आपल्याच परिसरात घडत आले आहेत. तेव्हा त्यांचे परस्परांशी का पटत नाही, हे समजून घेणे उचित ठरेल.

3. रक्षक काम कसे करतो

महादेवपुऱ्यातील कोणत्याही निवाससंकुलाच्या दारावरील पहारेकऱ्याचे उदाहरण घेऊ. तो तीन प्रकारे माणसे पारखतो. ज्यांची छायाचित्रे त्याच्याकडे आधीच दिलेली आहेत, त्या चोरांना तो चेहऱ्यावरून ओळखतो. ज्याने तोंड झाकले आहे किंवा जो आपली पिशवी उघडून दाखवीत नाही, त्याचा त्याला संशय येतो. आणि आत गेलेला माणूस कुलपे हलवून पाहू लागला, तर त्याच्या वर्तनावरून तो त्यास अडवतो.

अँटिव्हायरसच्याही याच तीन रीती आहेत. पहिली, ज्ञात विषाणूंच्या खुणांशी फाईल ताडून पाहणे. या खुणांची यादी सतत नवी करावी लागते. दुसरी, फाईलची रचना संशयास्पद आहे काय, हे अनुमानाने ठरवणे. तिसरी, चालू आज्ञावलीच्या वर्तनावर नजर ठेवणे. ही सर्व तपासणी दोन प्रसंगी होते. एक नियतकालिक तपासणी, जी सबंध साठा धुंडाळते. आणि दुसरी अखंड चालणारी तपासणी, जी कोणतीही फाईल उघडताना किंवा लिहिताना त्याच क्षणी होते. खेळाशी खटका उडतो तो मुख्यतः या दुसऱ्या तपासणीमुळे.

आता खेळाची बाजू पाहू. एका सेकंदात 60 चित्रे पडद्यावर आणायची असतील, तर प्रत्येक चित्रासाठी खेळाला अवघे 16.7 मिलिसेकंद मिळतात. 144 चित्रे हवी असतील, तर सुमारे 7 मिलिसेकंद. या अवधीत खेळ एखाद्या नव्या दालनाची दृश्ये साठ्यातून वाचू लागला आणि रक्षकाने प्रत्येक फाईल तपासण्यासाठी क्षणभर रोखली, तर तो क्षण खेळाडूला धक्क्यासारखा जाणवतो. पत्र लिहिताना हाच विलंब ध्यानातही येत नाही.

याखेरीज खेळांची रचनाच पुष्कळदा संशयास्पद दिसते. नक्कल होऊ नये म्हणून निर्माते आपली मुख्य आज्ञावली दाबून व सांकेतिक रूपात गुंडाळून ठेवतात. विषाणूंचे कर्तेही आपली करणी झाकण्यासाठी हेच करतात. खेळाला बाहेरून जोडली जाणारी साधने दुसऱ्या चालू आज्ञावलीच्या स्मृतीत हात घालतात. हेरगिरी करणाऱ्या आज्ञावलीही तेच करतात. खेळातील लबाडी पकडणाऱ्या काही यंत्रणा तर संगणकाच्या गाभ्यापर्यंत पोहोचतात. ‘व्हॅलोरंट’ या 2020 मध्ये आलेल्या खेळाची ‘व्हॅनगार्ड’ ही यंत्रणा त्यांपैकी एक होय. एकाच दारावर दोन पहारेकरी उभे राहिले की ते एकमेकांकडेच संशयाने पाहू लागतात, यात नवल नाही.

4. खोटा इशारा

निरुपद्रवी फाईलला विषाणू ठरवणे यास आपण खोटा इशारा म्हणू. असे इशारे केवळ खेळांच्या बाबतीत येतात असे नाही. 21 एप्रिल 2010 रोजी ‘मॅकॅफी’ कंपनीच्या एका नव्या यादीने विंडोज एक्सपीचीच एक अत्यावश्यक फाईल विषाणू म्हणून हटवली आणि अनेक देशांतील संगणक वारंवार बंद पडू लागले. सप्टेंबर 2012 मध्ये ‘सोफॉस’च्या रक्षकाने स्वतःच्याच अद्ययावतीकरणाच्या फाइली संशयित ठरवल्या. 19 जुलै 2024 रोजी ‘क्राउडस्ट्राइक’ या कंपनीच्या एका सदोष अद्ययावतीकरणाने विंडोजवर चालणारी सुमारे 85 लाख यंत्रे ठप्प झाली. तो खोटा इशारा नव्हता, परंतु रक्षकाची चूकही किती महाग पडते हे त्यावरून दिसले.

तेव्हा रक्षक कधीच चुकत नाही, असे मानण्याचे कारण नाही. परंतु तो कधीकधी चुकतो, यावरून या वेळी तो चुकलाच आहे असेही सिद्ध होत नाही. प्रत्येक इशाऱ्याची स्वतंत्र चौकशी झाली पाहिजे. ती न करता ‘खेळांच्या बाबतीत असे इशारे येतातच’ असे म्हणून पुढे जाणाऱ्या माणसाच्याच शोधात विषाणूंचे कर्ते असतात.

5. लक्षणावरून निदान

उपाय करण्यापूर्वी अडथळ्याचा प्रकार ओळखावा. मुख्य प्रकार चार आहेत.

पहिला प्रकार: खेळ सुरू होत नाही, किंवा ‘अमुक फाईल सापडत नाही’ असा संदेश येतो. येथे रक्षकाने ती फाईल अलग काढून ठेवली असण्याचा संभव असतो. याची नोंद रक्षकाकडे राहते. विंडोजच्या स्वतःच्या रक्षकात ‘विंडोज सिक्युरिटी’ उघडून ‘व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन’ या विभागातील ‘प्रोटेक्शन हिस्टरी’ पाहावी. इतर अँटिव्हायरसांत ही जागा ‘क्वारंटाइन’ या नावाने असते. फाईलचे नाव, ती कोठे होती आणि तिच्यावर कोणता आरोप आहे, या तीन गोष्टी टिपून घ्याव्यात.

दुसरा प्रकार: खेळ चालतो, पण अडखळतो. येथे प्रथम रक्षकावरच ठपका ठेवू नये. यंत्र तापलेले असेल, स्मृती अपुरी असेल, किंवा मागे दुसरे काही डाउनलोड होत असेल, तरी हेच लक्षण दिसते. ‘टास्क मॅनेजर’ उघडून खेळ अडखळतो त्या वेळी कोणती आज्ञावली यंत्राला राबवीत आहे, हे पाहावे. एकाच संगणकावर दोन अँटिव्हायरस बसवलेले असल्यास ते दोघे एकमेकांचे काम पुन्हा करीत बसतात. त्यांपैकी एक काढून टाकणे हाच उपाय होय.

तिसरा प्रकार: ऐन रंगात एखादी सूचना पडद्यावर उमटते आणि खेळ मागे ढकलला जातो. हा संरक्षणाचा प्रश्नच नव्हे, शिष्टाचाराचा आहे.

चौथा प्रकार: खेळ चालतो, परंतु त्याची प्रगती साठवली जात नाही, किंवा इतर खेळाडूंशी जोडणी होत नाही. साठवण न होण्यामागे विंडोजमधील ‘कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस’ ही सोय असू शकते. खंडणीखोर आज्ञावलींपासून कागदपत्रांचे रक्षण व्हावे म्हणून 2017 मध्ये ती विंडोज 10 मध्ये आली. ती आपणहून सुरू नसते. कोणी सुरू केली असेल, तर अपरिचित आज्ञावलींना ‘डॉक्युमेंट्स’सारख्या फोल्डरांत लिहू देत नाही. अनेक खेळ आपली प्रगती नेमकी तेथेच साठवतात. जोडणी न होण्यामागे मात्र बहुधा ‘फायरवॉल’ असते.

6. उपाय: लहानापासून मोठ्याकडे

वैद्य जसा सौम्य औषधापासून आरंभ करतो, तसा येथेही क्रम ठेवावा.

(अ) वेळ बदलणे. संपूर्ण साठ्याची नियतकालिक तपासणी खेळाच्या वेळी येत असेल, तर ती दुसऱ्या वेळेस लावावी. यात संरक्षण तसूभरही कमी होत नाही.

(आ) सूचना थांबवणे. बहुतेक अँटिव्हायरसांत ‘गेम मोड’ किंवा ‘सायलेंट मोड’ अशी सोय असते. पडदा खेळाने व्यापलेला असताना सूचना रोखून धरणे आणि तातडीची नसलेली कामे पुढे ढकलणे, हे तिचे काम. पहारा चालूच राहतो; पहारेकरी फक्त दारावरची घंटा वाजवीत नाही. विंडोज 11 मध्येही खेळताना सूचना आपोआप स्थगित ठेवता येतात. तिसऱ्या प्रकारच्या अडथळ्यास एवढे पुरेसे आहे.

(इ) अद्ययावत करणे. खोट्या इशाऱ्याची चूक कंपनीच्या ध्यानात आली की पुढील यादीत ती दुरुस्त होते. म्हणून रक्षकाची यादी आणि खेळाची आवृत्ती दोन्ही नव्या करून पुन्हा पाहावे.

(ई) नेमकी परवानगी. साठवणीचा अडथळा असल्यास ‘कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस’ बंद न करता, त्यातील परवानगी असलेल्या आज्ञावलींच्या यादीत त्या खेळाची मुख्य फाईल घालावी. जोडणीचा अडथळा असल्यास फायरवॉल बंद न करता त्या एका खेळास तीतून जाण्याची मुभा द्यावी, आणि तीही घरच्या खाजगी जाळ्यापुरती.

(उ) अपवाद करणे. एवढ्याने भागले नाही, तरच तपासणीतून सूट द्यावी. विंडोजच्या रक्षकात ‘व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन’मधील ‘मॅनेज सेटिंग्ज’ या जागी जाऊन खाली ‘एक्सक्लूजन्स’ हा भाग दिसतो. तेथे फाईल, फोल्डर, फाईलप्रकार किंवा चालती आज्ञावली यांपैकी कशासही सूट देता येते. या चार पर्यायांचे परिणाम सारखे नाहीत, म्हणून ते नीट समजून घ्यावेत. एका फाईलला दिलेली सूट सर्वांत मर्यादित. फोल्डरला दिलेली सूट त्यातील सर्व उपफोल्डरांनाही लागू होते, आणि उद्या तेथे जे काही येऊन पडेल त्यालाही. चालत्या आज्ञावलीस दिलेली सूट ही वस्तुतः त्या आज्ञावलीने उघडलेल्या फाइलींना अखंड तपासणीतून मिळालेली सूट असते. फाईलप्रकारास दिलेली सूट सर्वांत धोक्याची. चालत्या आज्ञावलींच्या प्रकारास ती देणे म्हणजे सगळे दार सताड उघडे टाकणे.

म्हणून शक्य तो एका फाईलपुरता अपवाद करावा. खेळ अडखळतो म्हणून फोल्डरला सूट द्यावीच लागली, तर ती त्या एका खेळाच्या फोल्डरपुरती असावी. सगळ्या खेळांचा साठा, ‘डाउनलोड्स’ फोल्डर, तात्पुरत्या फाइलींचे फोल्डर किंवा संपूर्ण ड्राइव्ह यांना कधीही सूट देऊ नये. बाहेरून आलेली प्रत्येक वस्तू प्रथम जेथे उतरते, तेथील पहारा उठवणे हे अविचाराचे ठरेल.

(ऊ) अखंड तपासणी तात्पुरती थांबवणे. हा उपाय नसून केवळ निदानाचे साधन आहे. इंटरनेटची जोडणी तोडून, खात्रीचा खेळ काही मिनिटे चालवून पाहावा. अडथळा तसाच राहिला, तर दोष रक्षकाचा नाही हे सिद्ध झाले. लगेच तपासणी पूर्ववत करावी. विंडोजचा रक्षक काही वेळाने आपणहून पुन्हा सुरू होतो, परंतु सर्वच अँटिव्हायरस तसे करतात असे धरून चालू नये.

7. सूट देण्यापूर्वीची चौकशी

अपवाद करणे ही कृती चार-सहा कळा दाबण्याची आहे. ती करावी की नाही हे ठरवणे कठीण. त्यासाठी पुढील प्रश्न क्रमाने विचारावेत.

ही फाईल आली कोठून? निर्मात्याच्या स्वतःच्या ठिकाणाहून किंवा ‘स्टीम’सारख्या मान्यवर भांडारातून आली असेल, तर खोट्या इशाऱ्याचा संभव वाढतो. मित्राच्या पेनड्राइव्हवरून किंवा फुकट खेळ वाटणाऱ्या अज्ञात जागेवरून आली असेल, तर चौकशी येथेच थांबवावी आणि फाईल काढून टाकावी.

तिच्यावर निर्मात्याची सही आहे काय? फाईलच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये ‘डिजिटल सिग्नेचर्स’ हा भाग असतो. तेथे निर्मात्याचे नाव दिसते, आणि सहीनंतर फाईलमध्ये बदल झाला असल्यास तेही कळते. सही नसणे हा गुन्ह्याचा पुरावा नव्हे, कारण लहान निर्माते ती नेहमीच घेत नाहीत. परंतु मोठ्या कंपनीच्या खेळावर ती नसेल, तर सावध व्हावे.

इतर रक्षकांचे मत काय आहे? 2004 मध्ये स्पेनमधील मालागा शहरात सुरू झालेली आणि 2012 पासून गूगलच्या मालकीची ‘व्हायरसटोटल’ ही सेवा एकाच फाईलवर अनेक अँटिव्हायरसांचे मत देते. पुष्कळांपैकी एकदोघांनीच, तेही मोघम नावाने, आरोप केला असेल तर खोटा इशारा संभवतो. अनेकांनी एकाच विषाणूकुळाचे नाव घेतले असेल, तर आरोप खरा मानावा. मात्र तेथे दिलेली फाईल संरक्षणक्षेत्रातील इतर संस्थांनाही पाहावयास मिळते. म्हणून खाजगी कागदपत्रे तेथे पाठवू नयेत.

फाईल मूळ स्वरूपात आहे काय? स्टीमसारख्या भांडारांत खेळाच्या फाइली मूळ प्रतीशी ताडून पाहण्याची सोय असते. ती वापरावी; बिघडलेली वा बदललेली फाईल त्यामुळे नव्याने येते.

शेवटी, संशयित फाईल अँटिव्हायरस बनवणाऱ्या कंपनीकडे पुनर्तपासणीसाठी पाठवावी. ही सोय बहुतेक सर्व कंपन्या देतात. आपल्या एका तक्रारीने पुढील यादीत दुरुस्ती झाली, तर अपवादाची गरजच उरत नाही, आणि त्याच खेळाचे इतर खेळाडूही त्रासातून सुटतात.

8. सूट घातक ठरते तेव्हा

‘खेळ बसवण्यापूर्वी अँटिव्हायरस बंद करा’ अशी सूचना कुलूप तोडलेल्या, म्हणजे ‘क्रॅक’ केलेल्या, खेळांसोबत हटकून येते. जून 2021 मध्ये ‘अवास्ट’ कंपनीने ‘क्रॅकोनोश’ या विषाणूविषयीचे संशोधन प्रसिद्ध केले. प्रसिद्ध खेळांच्या चोरट्या प्रतींत दडून तो 2 लाख 22 हजारांहून अधिक यंत्रांत पोहोचला होता, आणि बाधित देशांत भारतही होता. एकदा आत शिरल्यावर तो यंत्राला ‘सेफ मोड’मध्ये सुरू व्हायला लावी. त्या अवस्थेत अँटिव्हायरस चालत नाही. तेवढ्या वेळात तो रक्षकालाच हटवी आणि मग यंत्राच्या सामर्थ्यावर ‘मोनेरो’ हे आभासी चलन आपल्या कर्त्यासाठी मिळवीत राही. यंत्राच्या मालकाला जाणवे ते इतकेच, की संगणक मंद झाला आहे आणि विजेचे बिल वाढले आहे. खेळ जलद चालावा म्हणून रक्षक दूर सारणाऱ्याच्या यंत्राची गतीच चोरीस जावी, हा या घटनेतील बोध आहे.

मान्यवर जागाही सर्वस्वी निर्धोक नाहीत. जून 2023 मध्ये ‘माइनक्राफ्ट’ या मुलांच्या आवडत्या खेळाच्या काही जोडण्यांमध्ये ‘फ्रॅक्चरायझर’ नावाची घातक आज्ञावली आढळली. जोडण्या करणाऱ्यांची खाती चोरून ती नामांकित भांडारांतून पसरवण्यात आली होती. फेब्रुवारी 2025 मध्ये खुद्द स्टीमवर काही दिवस उपलब्ध असलेला ‘पायरेटफाय’ हा खेळ घातक निघाला. तो काढून टाकून, ज्यांनी तो चालवला होता त्यांना संपूर्ण यंत्र अँटिव्हायरसने तपासण्याची सूचना देण्यात आली. अशा वेळी ज्याने आपल्या सर्व खेळांच्या साठ्याला कायमची सूट देऊन ठेवली असेल, त्याचा रक्षक त्या फोल्डरापुरता आंधळा असतो.

लबाडी रोखणारी यंत्रणाही शस्त्र बनू शकते. ऑगस्ट 2022 मध्ये ‘ट्रेंड मायक्रो’ने असे उघड केले, की ‘गेनशिन इम्पॅक्ट’ या खेळाच्या अशाच एका यंत्रणेतील अधिकृत सही असलेला भाग घेऊन खंडणीखोरांनी अँटिव्हायरस बंद पाडले. ज्या यंत्रांवर तो खेळ कधी बसवलेलाच नव्हता, तेथेही हे घडू शकत होते. सही असणे म्हणजे निर्दोष असणे नव्हे, हे यातून लक्षात येते. म्हणूनच मागील भागातील प्रश्नांपैकी एकाच उत्तरावर विसंबून न राहता, सर्वांची उत्तरे एकत्र पाहावयाची असतात.

9. कार्यालयाचा संगणक

महादेवपुऱ्यासारख्या वस्तीत आणखी एक प्रश्न उद्भवतो. अनेक घरांत दिसणारा संगणक कुटुंबाचा नसतो. तो कार्यालयाने दिलेला असतो. त्यावरील रक्षक कार्यालयाने नेमलेला असून त्याचे नियम बदलण्याचा अधिकार वापरणाऱ्याकडे नसतो. त्यावर मुलांना खेळ बसवू देणे आणि तो चालावा म्हणून पळवाटा शोधणे, यात कार्यालयाच्या ग्राहकांची माहितीही धोक्यात येते आणि नोकरीही. येथे उत्तर एकच: अशा यंत्रावर खेळ नको.

घरच्या यंत्रावर मात्र सोपी व्यवस्था करता येते. खेळणाऱ्या मुलासाठी वेगळे, मर्यादित अधिकारांचे खाते उघडावे; नवी आज्ञावली बसवण्यासाठी किंवा अपवाद करण्यासाठी मोठ्यांचा परवलीचा शब्द लागेल असे करावे. मुलावर अविश्वास दाखवण्याचा येथे प्रश्न नाही. निर्णय दोघांनी मिळून घेण्याची ही रीत आहे, आणि तो घेताना सातव्या भागातील प्रश्न मुलासमोर मोठ्याने विचारले, तर त्याचे शिक्षणही होते. ‘बंद कर’ असे सांगणारा एखादा व्हिडिओ पाहून वागण्यापेक्षा ‘का अडवले?’ असे विचारायला शिकलेला मुलगा पुढे फसण्याचा संभव कमी.

10. नोंद आणि फेरतपासणी

दिलेल्या प्रत्येक सवलतीची नोंद एका वहीत ठेवावी: कोणत्या खेळास, कोणत्या फोल्डरास, कोणत्या दिवशी आणि कशासाठी. दर तीन महिन्यांनी ‘एक्सक्लूजन्स’ची यादी या वहीशी ताडून पाहावी. खेळ काढून टाकला असेल, तर त्याचा अपवादही काढावा. नोंद नसलेला एखादा अपवाद यादीत आढळला, तर तो विशेष गंभीर मानावा. कारण शिरकाव केलेल्या घातक आज्ञावली पुष्कळदा स्वतःलाच अशी सूट मिळवून देतात. सूट दिलेल्या फोल्डराची अधूनमधून तपासणी करणे हेही आवश्यक आहे. त्यासाठी अपवाद तात्पुरता काढून त्या फोल्डरावर तपासणी चालवावी व मग तो पुन्हा लावावा.

रक्षक जागा आहे की नाही, हे पाहण्याचीही एक निर्धोक युक्ती आहे. ‘आयकार’ नावाची 68 अक्षरांची एक चाचणी-फाईल याच हेतूने तयार केलेली आहे. ती कोणतीही हानी करीत नाही, परंतु सर्व प्रमुख अँटिव्हायरस तिला विषाणू समजून अडवतात. ‘आयकार’च्या अधिकृत स्थळावरून ती घेऊन पाहावी. अडवली गेली, तर पहारा चालू आहे. अडवली गेली नाही, तर आपण दिलेली सूट हवी त्याहून मोठी झाली आहे, किंवा रक्षक बंदच आहे.

यंत्रात शिरकाव झाल्याचा संशय आल्यास भारत सरकारच्या ‘सायबर स्वच्छता केंद्र’ या 2017 मध्ये सुरू झालेल्या उपक्रमातून तपासणीची साधने विनामूल्य मिळतात. त्यांच्या निर्मितीत पुण्याच्या क्विक हीलचाही सहभाग आहे. पैशांची फसवणूक झाली असेल, तर विलंब न करता 1930 या राष्ट्रीय क्रमांकावर कळवावे. परवलीचे शब्द बदलावयाचे ते मात्र त्या यंत्रावरून नव्हे, दुसऱ्या स्वच्छ यंत्रावरून.

सारांश, खेळ आणि संरक्षण यांपैकी एकाचीच निवड करावी लागते, हा समज खरा नाही. वेळ बदलून, सूचना थांबवून आणि आवृत्ती नवी करून बहुतेक अडचणी सुटतात. उरलेल्यांसाठी चौकशी करून दिलेला, एका खेळापुरता, नोंद ठेवलेला आणि परत घेता येण्याजोगा अपवाद पुरतो. ज्या खेळाला याहून अधिक सवलत हवी आहे, जो सबंध रक्षकच बाजूला करण्याची मागणी करतो, त्याला आपल्या यंत्रावर जागा देऊ नये.